ओळंबा

मैत्रेयी फणसे, इयत्ता नववी,
रावपुऱ्यातून सायकलवर येते, घामेजलेली,
आणि चप्पल काढता काढताच भांडते:
"ताई, एक्स बरोबर तीन ही रेषा कशी काय?
तीन हा नुसता आकडा.
आणि वाय कुठे गेला?"

वाय कुठे गेला.
मी आलेखाची वही पुढे ओढते
आणि मला दिसतो अलकापुरीतला तो सात मजली शाफ्ट,
अजून दारं न बसवलेला.
वर मशीनच्या खोलीत बाबा पालथे पडून
पोलादी तार खाली सोडताहेत, वितभर, वितभर.
तळाशी मी, मधल्या सुट्टीत डबा घेऊन आलेली,
आणि कनुभाई. त्यांनी दोन बादल्या मांडल्यात
जुन्या इंजिन ऑइलने अर्ध्या भरलेल्या.
तारेचं वजन तेलात बुडतं
आणि मुकाट होतं.
हवेत ते झुलतच राहतं, बाबा म्हणायचे,
तेलात त्याला खाली कुठे ते सुचतं.

दोन तारा झाल्या की मोजमाप.
कनुभाई तळातून ओरडत, "अगियारसो ने दस!"
तिसऱ्या मजल्यावरून बाबा, "अकराशे दहा!"
पाचव्यावरून, "अकराशे दहा!"
सातव्यावरचा आवाज कळायचा नाही,
पण कनुभाई मान डोलवत बिडी पेटवायचे.
त्या तारांच्या आधाराने मग रूळ उभे राहायचे, आणि रुळांमधून डबा.

"वाय कुठे गेला नाही," मी म्हणते.
"त्याला मोकळं सोडलंय.
समीकरण फक्त अट सांगतं, मुभा सांगत नाही.
तळमजला, चौथा, गच्ची, जमिनीखालचा खड्डासुद्धा,
वाटेल तिथे थांब.
फक्त भिंतीपासून तीन घरं. पावणेतीन नाही, सव्वातीन नाही."

ती ठिपके देते. तीन, एक. तीन, सहा.
पट्टी लावते. चढ काढायला जाते,
सवयीने, बाईंनी घोटून घेतलेलं सूत्र:
वर पाच, खाली शून्य.
पेन्सिल अडते.
"शून्याने भागायचं नसतं."
"नाहीच भागायचं."
"म्हणजे जी सगळ्यात जास्त चढते, तिलाच चढ नाही?"
"आहे की नाही, तेच सांगता येत नाही."
तिला हे फसवणुकीसारखं वाटतं.
मलाही वाटलं होतं.

मग एक्स बरोबर सात.
"दोघींमध्ये अंतर किती?"
"चार."
"कुठे?"
ती वर बघते, खाली बघते, वहीच्या कडेच्या पलीकडे
टेबलाच्या लाकडावर बोट फिरवते.
"कुठेही."
"आणि एक्स बरोबर शून्य?"
"ती... ती तर भिंतच, ताई."

"म्हणजे या कधीच भेटत नाहीत."
"वहीत नाहीत," माझ्या तोंडून निघून जातं.

सूरसागरच्या कठड्यावर बसून
निवृत्तीनंतर एकदा बाबा म्हणाले होते,
त्या तारा समांतर नव्हत्या बरं का.
दोन्ही वजनं पृथ्वीच्या पोटातल्या एकाच जागेकडे ओढलेली,
खाली थोडी जवळ, वर थोडी लांब.
सात मजल्यांत फरक किती? केसाचा दहावा भागही नाही.
माझी पट्टी त्याहून वाकडी.
हसले. शेंगांची पुडी माझ्याकडे सरकवली.
सगळं आयुष्य अकराशे दहा ओरडत काढलं
आणि माहीत होतं.

"वहीत नाहीत म्हणजे?"
शनिवारी हिची चाचणी आहे.
"काही नाही. वहीतलं लिही."

ती लिहिते, पण डोळे टेबलावर,
कागद उडू नयेत म्हणून ठेवलेल्या पितळी ओळंब्यावर.
उचलते. दोरी बोटाला गुंडाळून
आलेखावर धरते, एक्स बरोबर तीनच्या बरोब्बर वर.
तो दोनकडे जातो, चारकडे जातो.
"हा थांबतच नाही."
थांबेल, मी म्हणते, हात हलवू नकोस.
इथे तेल नाही ना.
थोडा वेळ लागतो.